जावयाच्या सॉफ्टवेअरची चाचणी

वस्तू बाजारात येण्याआधी जो समाज तिचे दोष निर्भीडपणे दाखवतो, तोच खरा प्रगत समाज होय. हे वाक्य पुण्याच्या एका कंपनीच्या माहितीपत्रकात होतं. ते खिशात घालून कंपनीतला बद्रीनाथ २००८ साली चाचणीला निघाला, तो थेट अंकुशनगरजवळच्या आपल्या सासुरवाडीला. जेवणाची सोय, हे शास्त्रीय कारण.

मोबाइलवर टाकलेलं ते सॉफ्टवेअर कुठे किती रेंज आहे ते काड्यांनी दाखवायचं. गावानं आठवडाभर वापरून त्यातल्या चुका काढायच्या. बद्रीनाथची नोकरी कच्ची होती; चुका हाती लागल्या तरच पक्की होणार होती. हे त्यानं सासऱ्यांना, तातेरावांना, दोनदा समजावलं. तातेरावांच्या डोक्यात एवढंच शिरलं, की जावयाची नोकरी धोक्यात आहे.

त्यांनी पारावर फर्मान काढलं, "जावयाच्या वस्तूला कोणी नावं ठेवली तर माझ्याशी गाठ हाय."

बद्रीनाथनं गावातल्या कचरूला गाठलं. "काही अडचण?"

"अडचण कशाची? वावरात पाच काड्या, हिरीत पाच काड्या."

"विहिरीत?"

"खाली उतरून पाह्यलं ना. बिलकुल बराबर."

शेजारची गोजरबाई मोबाइल कानाला लावून अंबडच्या लेकीशी ओरडून बोलत होती.

"आवाज येतोय का, काकू?"

"लई मोकळा!"

"लेक काय म्हणते?"

"म्हणलीच असंल कायतरी."

बद्रीनाथला शंका आली नाही. तो इंजिनिअर होता. पडद्यावर पाच काड्या दिसत होत्या. पुण्याला फोन लागेना, तेव्हा त्यानं पुण्याला नावं ठेवली.

शेवटच्या दिवशी तो काकुळतीला आला. "मामा, एक तरी चूक सांगा हो. नोकरी जाईल माझी."

"जावईबापू, आमाला काय हलके समजून राह्यले का?" तातेराव दुखावले. "तुमचा माल, अन् आमी खोट काढावी? मंग लोकानं थुकावं आमच्या तोंडावर."

"अहो, खोट काढायलाच तर आलोय!"

"असं सगळेच जावई म्हणतात. अजून एक पोळी घ्या."

अहवालात चुकांपुढे शून्य पडलं. तातेरावांनी गावात पेढे वाटले. कंपनीनं बद्रीनाथला त्याच महिन्यात घरी बसवलं.

गावचा टॉवर तो सबंध आठवडा डिझेल नसल्यामुळे बंद होता.