आगाऊ आवाज

मावशींचा कान भलताच तिखट. शिलाई मशीनचं चाक एकदा फिरवलं की दुखणं कुठं आहे ते त्यांना स्क्रूला हात लावायच्या आधीच कळायचं. सगळी गल्ली त्यांना मावशी म्हणायची. त्यांची एकुलती एक लेक ठकी मशीन दुरुस्तीच्या दुकानात त्यांच्याच हाताखाली होती, पण तिचा कान असा, की पट्टा तुटून हातात आला तरी म्हणायची, "मला तर ठीकच वाटतंय बाई." मावशी कपाळावर हात मारून घ्यायच्या.

दुपारी जेवणं झाली की शटर अर्धं ओढून दोघी मागच्या खोलीत आडव्या व्हायच्या. डोळा लागला की थेट त्या दुसऱ्या गल्लीत. इथले सगळेच झोपेत तिथं जायचे, त्यामुळे कुणाला त्याचं अप्रूप नव्हतं. गल्ली हुबेहूब इथल्यासारखीच. दुकान तेच, पोटमाळ्यावर जाणारा दगडी जिनाही तोच. फरक एवढाच, की तिथं आवाज आधी यायचा आणि गोष्ट मागून घडायची. कप फुटल्याचा आवाज आला की समजायचं, आता कुणाच्या तरी हातून कप सुटणार. लोक त्याला आगाऊ आवाज म्हणायचे. आणि तिथं जे व्हायचं ते काही थट्टेवारी नेण्यासारखं नव्हतं. शेजारचे काचवाले काका तिथं शिडीवरून पडले आणि इथं जागे झाले ते मोडका पाय घेऊनच.

पण काका पक्के पोचलेले. त्यांनी त्यावर तोड काढली होती. काच फुटल्याचा आवाज आला रे आला की ते भंगारातली एक काच स्वतःच जमिनीवर आपटायचे. आवाजाचं काम व्हायचं, चांगली काच वाचायची.

"आवाज आंधळा असतो, मावशी," ते म्हणायचे. "कुठली काच ते त्याला काय कळतंय? फक्त आवाज तंतोतंत जुळला पाहिजे."

एके दुपारी मावशी त्या स्वप्नातल्या दुकानात तेलाची कुपी भरत होत्या आणि ठकी समोर बसून बॉबिनवर दोरा गुंडाळत होती. तेवढ्यात जिन्यावर धप्प झालं. धप्प, धप्प करत काहीतरी जड खाली गडगडत आलं. मागोमाग ठकीची किंकाळी, "आ..." आणि ती मध्येच तुटली.

जिना रिकामा होता. ठकी समोरच होती, पांढरीफटक.

"आई, हा माझा आवाज होता ना गं?"

हाक तुटते कधी? हाक मारणारं माणूस उरत नाही तेव्हा. मावशींनी पोरीचा हात घट्ट धरला. "काही होत नाही तुला. मी बसलेय ना इथं! नऊ वेळा आपटलं, मी मोजलंय. वरच्या पायरीवरून जुनं मशीन ढकलू. ते पडलं की तू ओरडायचंस, आणि आवाज मध्येच तोडायचास."

"मध्येच कुठं?" ठकी म्हणाली. "मी तर कितीतरी वेळ ओरडत होते. घसा फुटेस्तोवर."

"राहू दे! तुझा कान मला माहीत नाही होय? तुटला म्हणजे तुटला. आणि ऐक, जिन्यावर पाऊल टाकलंस तर तंगडं मोडून हातात देईन."

एवढ्या धास्तीतही ठकीला हसू आलं. ती लांब भिंतीशी जाऊन उभी राहिली. मावशी ते लोखंडाचं धूड छातीशी कवटाळून एकेक पायरी चढल्या. दम लागला, गुडघे बोलायला लागले, पण पोरीच्या जिवापुढं गुडघ्यांचं कोण ऐकतं? वर पोचल्यावर त्यांनी मशीन पायरीच्या कडेला टेकवलं आणि दिलं ढकलून.

खण्ण, खण्ण करत मशीन खाली गेलं. ठकी ठरल्याप्रमाणे ओरडली आणि मध्येच थांबली. "जमलं का गं?"

मावशींनी मान हलवली. लोखंड असं वाजतं. मघाच्या आवाजात लोखंड नव्हतंच. ते काहीतरी मऊ होतं, माणसाच्या अंगासारखं. आणि ठकीची ती किंकाळी! स्वतःला लागलं की ही पोर लहानपणापासून मुळूमुळू रडते. अशी ओरडली होती एकदाच, मावशींचं बोट सुईखाली गेलं होतं तेव्हा.

आणि ठकीनं ती पूर्ण ऐकली होती. कितीतरी वेळ.

हाक ऐकणारं माणूस उरलं नाही, तरी ती तुटतेच. म्हणजे पोरीला काही होणार नव्हतं! मावशींचा जीव असा भांड्यात पडला की आपलं काय, हा विचार मागाहून आला. डोळ्यांत पाणी आलं, हसूही आलं.

"ठके," त्या वरून म्हणाल्या, "या खेपेला तुझाच कान खरा गं बाई!"

"म्हणजे काय? आई, खाली ये आधी!"

मशीन ढकलताना त्यातलं तेल पायरीवर सांडलं होतं. मावशींनी ते पाहिलं, मागं सरकायला पाय उचलला आणि दुसरा पाय नेमका त्याच तेलावरून सटकला.

पायऱ्या नऊच भरल्या. खालून ठकीनं किंकाळी फोडली, आणि मावशींना ती अर्धीच ऐकू आली.