न टांगलेल्या झोपाळ्याची कडी

मान जरा वर करा. आणखी वर. दिव्याच्या तारेकडे नको, त्या काळ्या सागवानी तुळईकडे बघा. तिथे जाड लोखंडी कडी दिसते ना, ती मी. दाराच्या कडीत आणि माझ्यात गल्लत करू नका. ती बिचारी दिवसभर खडखडत असते. मी झोपाळ्याची कडी आहे. चार हातांवर माझी जोडीदारीण आहे, आणि आम्हा दोघींना मिळून एक झोपाळा धरायचा होता. तो झोपाळा काही आला नाही. बाकी या घरात जे जे आलं आणि जे जे गेलं, ते सगळं मी वरून पाहिलं आहे.

उज्जैनच्या एका लोहाराच्या भट्टीत माझा जन्म झाला. चारुलताबाई स्वतः पदर खोचून भट्टीसमोर उभ्या होत्या. "दोघं बसले तरी करकरायला नको बरं का," त्या बजावत होत्या. लोहार हसून म्हणाला, "बाईसाहब, झूला क्या, हाथी बाँध लेना." बाईही हसल्या. तेवढं मनमोकळं हसणं मी नंतर त्यांच्या तोंडून फारसं ऐकलं नाही.

चारुलताबाईंचे यजमान विनायकराव ताटके हे ग्वाल्हेर दरबारच्या महसूल खात्यात कारकून होते. त्यांचे पूर्वज शिंद्यांच्या फौजेमागून माळव्यात आले आणि इथलेच झाले. पण इतक्या पिढ्या झाल्या तरी स्वतःच्या नावाची एक भिंत कुणी उभी केली नव्हती. जुन्या शहरातल्या दोन अंधाऱ्या खोल्यांचा किराया भरून विनायकराव वैतागले होते. फ्रीगंजच्या नव्या वस्तीत त्यांनी साठवलेल्या पैशातून जागा घेतली आणि बांधायला सेठ गेंदालालजींकडून कर्ज काढलं. व्याज दरमहा शेकडा रुपया. जागा आणि तिच्यावर उभं राहणारं घर, दोन्ही गहाण.

"अगं, किराया देऊन देऊन मेलो आपण," ते बाईंना सांगत. "आता तेवढंच ब्याज देऊ, पण आपल्या छपराखाली राहू. यात नुकसान काय?"

बाईंना त्यात नुकसान दिसलं नाही. खरं सांगायचं तर मलाही दिसलं नाही. किराया आणि व्याज दिसायला सारखेच असतात, दर महिन्याला जातात आणि परत येत नाहीत. फरक एवढाच, की किराया भरणाऱ्याला घर आपलं नाही हे ठाऊक असतं.

तुळई चढली, तिच्यातून आम्हाला आरपार ठोकलं आणि वरून चाक्या बसवून पक्कं केलं. वर माळ्याची फरशी पडली. आता आम्हाला काढायचं तर छत फोडावं लागेल, असं मिस्त्री अभिमानाने म्हणाला. गुढीपाडव्याला वास्तुशांत झाली. धारहून बाईंच्या भावाने झोपाळ्याची शिसवी फळी बैलगाडीने पाठवली. इतकी गुळगुळीत, की जयू, त्यांची एकुलती एक मुलगी, तिच्यावरून घसरगुंडी खेळायची. राहिल्या फक्त पितळी साखळ्या. "दिवाळीला घेऊ," विनायकराव म्हणाले. फळी भिंतीला टेकवून ठेवली.

त्याच वर्षी स्वातंत्र्य मिळालं. टावर चौकातून जिलब्या आल्या, जयूने माझ्या खालून दोरी नेऊन कागदी पताका लावल्या. त्या वर्षी श्रावण दोनदा आला, पहिला अधिक. अधिक महिन्याचा दानधर्म, व्रतवैकल्यं सगळं बाईंना तोंडपाठ होतं. विनायकरावांनाही होतं. तो महिना लक्षात ठेवा, म्हणजे पुढचं कळेल.

दिवाळीला साखळ्या आल्या नाहीत. पुढच्या वर्षी दरबार गेला, मध्यभारत आला, खाती इकडची तिकडे झाली आणि पगार अडकून पडले. व्याजाला मात्र राज्य बदलल्याचं कुणी सांगितलं नव्हतं. तेव्हा विनायकरावांनी एक तोड काढली. बैठकीची खोली किरायाने द्यायची आणि आपण मागच्या दोन खोल्यांत राहायचं. किरायातून व्याज परस्पर जाईल.

"आणि झोपाळा?" बाईंनी विचारलं.

"अगं, दोन-चार वर्षांची तर गोष्ट आहे."

अशा रीतीने मी ज्या खोलीत आहे ती खोली घरच्यांची राहिली नाही. भैरवगढचे अब्दुलभाई छीपा राहायला आले. छापील जाजमं आणि चादरींचा त्यांचा व्यापार. खोलीभर गठ्ठे आणि रंगाचा ओला वास. इतकं वजन आणि वर दोन रिकाम्या कड्या, कुणालाही मोह व्हावा. पण पहिल्याच दिवशी चारुलताबाई दारात उभ्या राहून म्हणाल्या, "भाईसाब, इन कड़ियों को कुछ मत टाँगना. हमारा झूला लगना है."

अब्दुलभाईंनी कानाला हात लावला. "भाभीजी, आपकी अमानत है." त्या माणसाने शब्द पाळला. साधा कंदील कधी अडकवला नाही.

दर दसऱ्याला बाई तेलाची वाटी आणि चिंधी घेऊन यायच्या. घरातल्या हत्यारांची पूजा करायची, अडकित्ते-विळ्या पुसायच्या, तसं आम्हालाही पुसायचं हे त्यांनीच ठरवलं होतं. अब्दुलभाई गठ्ठे बाजूला सारून बाहेर ओट्यावर जाऊन बसायचे. बाई स्टुलावर चढायच्या, एकेक कडी तेलाने चोळायच्या, बोट आतून फिरवून गंज आहे का बघायच्या. मी लोखंडाची. मला रडू येत नाही, गंज येतो, आणि तो त्यांनी कधी येऊ दिला नाही. वर्षातला तो एक दिवस मला फार आवडायचा.

मग जयूचं लग्न ठरलं. सेठजींनी त्याच घरावर आणखी पैसे दिले. ते आढेवेढे घेणारे नव्हतेच. विनायकराव त्यांच्याकडे गेले की गादी, लोड, केशरी दूध, पान. "आप तो घर के आदमी हो, विनायकरावजी." अशा माणसाला आपलं मुद्दल किती फिटलं, असं कसं विचारायचं? हिशेब मागणं म्हणजे अविश्वास दाखवणं, असं विनायकरावांना मनापासून वाटायचं. दिवसभर कचेरीत दुसऱ्यांच्या जमाखर्चात चुका काढणारा हा माणूस! दूध प्यायचे, पान खायचे आणि घरी यायचे.

लग्नानंतर पहिला अधिक महिना आला, आणि मला वाटतं, घर खरं तर त्या दिवशीच गेलं.

धोंड्याच्या महिन्यात जावयाला अनारशांचं वाण द्यायचं. मागच्या खोलीत पंगत बसेना, म्हणून विनायकरावांनी आपल्याच घराची बैठक एका दिवसापुरती अब्दुलभाईंकडून मागून घेतली. गठ्ठे ओट्यावर गेले. पाट मांडले, रांगोळी काढली. जावई माझ्या बरोबर खाली बसला होता. जयूने हळूच वर बोट दाखवून त्याला सांगितलं, "इथे आईचा झोपाळा लागणार आहे."

तेवढ्यात दारात सेठजींचा मुनीम उभा राहिला. नम्र माणूस. जोडे बाहेर काढून आला होता.

"साहब, तेरहवें महीने का ब्याज."

विनायकरावांना कळेना. "मुनीमजी, साल के महीने बारह."

मुनीमाने ताटातल्या अनारशांकडे पाहिलं आणि हसत म्हणाला, "वाह साहब, जमाई के लिए तेरह और सेठजी के लिए बारह?"

जावई हसला. विहीणबाई हसल्या. विनायकराव लाल झाले. पगार इंग्रजी महिन्यांचा, कर्ज मितीचं, म्हणजे पंचांगातल्या महिन्यांचं, हे लिहून देताना त्यांनी वाचलं नव्हतं असं नाही. पण जावयाला अनारसे लागतात त्या महिन्यात व्याजही चढतं, हे त्यांच्या डोक्यातच आलं नव्हतं. मग मागचे अधिक महिने? त्यांचं काय झालं? तेव्हाच विचारायला हवं होतं. पण समोर जावई, व्याही, भरली ताटं.

"हाँ हाँ, ठीक है. चढ़ा लो," ते म्हणाले.

चारुलताबाई वाढता वाढता थांबल्या होत्या. मुनीम गेल्यावर हलक्या आवाजात म्हणाल्या, "अहो, एकदा जाऊन विचारून तर या, किती राहिलंय."

"फिटून राहिलंय ना हळूहळू! नवीन माणसांसमोर हे काय काढलंस?"

त्यानंतर ते दरमहा व्याजापेक्षा थोडं जास्त देऊ लागले. ते जास्तीचं मुद्दलात जातं, अशी त्यांची खात्री होती. खात्री कुणी दिली होती? कुणीच नाही.

पुढे पुन्हा नकाशा बदलला. मध्यभारतही गेला, मध्यप्रदेश झाला आणि कचेरी भोपाळला हलली. तबादल्याचा हुकूम आला तेव्हा बाई मागच्या खोलीत शांतपणे भांडी बांधायला बसल्या. "म्हणजे आता तिथे किराया आणि इथे ब्याज," एवढंच त्या म्हणाल्या. किरायातून सुटायला ज्यांनी घर बांधलं, ते घर सोडून पुन्हा किरायाने राहायला निघाले. मागच्या खोल्याही अब्दुलभाईंना दिल्या. झोपाळ्याची फळी भोपाळला नेली. तिथे ती दोन विटांच्या ढिगांवर ठेवून तिच्यावर लोणच्याच्या बरण्या मांडल्या, असं जयूने एकदा इथे येऊन सांगितलं.

तरी दर दसऱ्याला बाई गाडीने उज्जैनला यायच्या. तेलाची वाटी, चिंधी, स्टूल. केस पांढरे व्हायला लागले होते. स्टुलावर चढताना आता भिंतीचा आधार लागायचा.

विनायकराव निवृत्त झाले त्या वर्षीच्या दसऱ्याला दोघं बरोबर आले. फंडाची रक्कम हातात आली होती. घर सोडवायचं, अब्दुलभाईंना दुसरी जागा बघायला सांगायची, आणि दिवाळीला साखळ्या. बाईंनी दुकानात भाव विचारूनही ठेवला होता. सेठजी स्वतः घरी आले. अब्दुलभाईंनी जाजम अंथरलं. मुनीमाने वाचायला सुरुवात केली आणि तो बराच वेळ वाचत राहिला. चुकलेले तेरावे महिने मुद्दलात मिळवलेले, त्यांच्यावर व्याज. अडकलेल्या पगाराच्या काळातली व्याजं मिळवलेली, त्यांच्यावर व्याज. लग्नाचे पैसे. दरमहा दिलेलं थोडं जास्तीचं त्या साचलेल्या व्याजातच जिरून गेलेलं. मुद्दलाला हातसुद्धा लागला नव्हता.

मग चारुलताबाईंनीच विचारलं, "सेठजी, जितकं आम्ही उचललं, त्याहून जास्त देऊन झालं ना?"

"हाँ भाभीजी, बहुत ज़्यादा."

"मग आता देणं किती?"

"जितना लिया था, उससे ज़्यादा."

बाईंनी नवऱ्याकडे पाहिलं. "आणि फंड?"

"पुरत नाही," विनायकराव म्हणाले. आवाज इतका खाली गेला होता, की मला वर जेमतेम ऐकू आला.

सेठजी वाईट माणूस नव्हते, हीच खरी अडचण. त्यांना मनापासून वाईट वाटलं होतं. "विनायकरावजी, आपने कभी पूछा ही नहीं. पूछते तो मैं पहले दिन बता देता."

तेही खरंच होतं. घर सेठजींच्या नावे झालं. फंड विनायकरावांना म्हातारपणासाठी राहू दिला, हा सेठजींचा मोठेपणा. वरून बाईंना साडीचोळीही केली. बाईंनी ती हळदीकुंकू लावून घेतली. आयुष्याची सगळी कमाई ज्याच्या पायी गेली त्या घरात त्यांनी समोरच्या खोलीत एक संध्याकाळसुद्धा पाय हलवत बसून काढली नव्हती.

निघायच्या आधी त्यांनी स्टूल मागितलं.

"आता कशाला?" विनायकराव म्हणाले.

"दसरा आहे."

त्या दिवशी पहिल्यांदा विनायकरावांनी स्टूल धरलं. बाईंनी आधी जोडीदारणीला तेल लावलं, मग मला. बोट आतून फिरवलं. खाली उतरून त्या सेठजींना म्हणाल्या, "इन कड़ियों को कुछ मत टाँगना." झोपाळ्याचं काही बोलल्या नाहीत. सेठजींनी हात जोडले, "जैसा आप कहें." मग ती दोघं स्टेशनाकडे चालत गेली. खिडकीतून जितकी दिसली तितकी पाहिली.

सेठजींनी त्यांच्यापरीने शब्द पाळला, पण त्यांच्यानंतर मुलाच्या हातात कारभार आला. अब्दुलभाई जाजमं उचलून भैरवगढला परत गेले. खोलीचं धान्याचं गोदाम झालं. तीन माणसांनी मिळून एक भला मोठा तराजू आणला आणि मला अडकवला. लोहार खोटं बोलला नव्हता. मी करकरले नाही. सकाळपासून संध्याकाळपर्यंत गव्हाची पोती माझ्या जिवावर वर जातात, खाली येतात. इतकं हलणं माझ्या नशिबी होतंच, फक्त ते असं असेल हे ठाऊक नव्हतं. जोडीदारणीला काहीच काम नाही. ती गंजत चालली आहे. मीही, तराजूचा आकडा घासतो तेवढी जागा सोडून.

तुम्ही वर पाहिलंत, माझं ऐकून घेतलंत, म्हणून एक काम सांगते. तुमच्यापैकी कुणी भोपाळला जाणार असेल, तर लोणच्याच्या बरण्या शिसवी फळीवर मांडलेलं घर शोधा. म्हातारी बाई तुम्हाला बसायला देईल, उज्जैनचे आहात म्हटल्यावर पाणी द्यायच्या आधी एकच गोष्ट विचारील. तराजूचं बोलू नका. जोडीदारणीपुरतं तरी खरं होईल असं सांगा. म्हणावं, कडी अजून रिकामी आहे.