कॉलरवरचा माइक

म्हातारे वैमानिक बाथरूमला जायला उठले, तशी दिग्दर्शिकेने त्यांच्या कॉलरवरचा माइक बंद केला. माणूस आत गेल्यावर आपण कान लावून बसायचं नाही, हा तिचा शिरस्ता. कॅमेरा चालूच राहिला. युद्धातले उरलेसुरले वैमानिक जायच्या आत त्यांच्या गोष्टी माहितीपटात धरून ठेवायच्या, एवढा एकच ध्यास तिने घेतला होता.

ते परत येऊन खुर्चीत टेकले आणि कुणी न विचारताच बोलू लागले. इतके दिवस ज्या गोष्टीला त्यांनी हात लावू दिला नव्हता, तीच.

विमान पेटलं होतं. शेपटाकडच्या मशिनगनवाल्या पोराचं दार अडकलं. बाकीच्यांनी उड्या मारल्या. हे मात्र विमान सावरत शेवटपर्यंत थांबले, आणि कानावरच्या यंत्रात त्याचा आवाज येत राहिला.

“काय म्हणत होता?”

त्यांनी सांगितलं. पुन्हा पुन्हा तेच सांगितलं.

डोळे पुसत तिने हेडफोन लावला आणि तिच्या तोंडचं पाणी पळालं. आत चिडीचूप.

“काका, चुकलं माझं. माइक बंदच राहिला. परत एकदा सांगाल?”

त्यांनी कॉलरवरचा माइक चाचपला.

“बरं झालं की मग. त्याची बहीण आहे अजून. कर चालू.”

या खेपेला ते म्हणाले, “पोर जागच्या जागी गेलं. त्याला काही कळलंसुद्धा नाही.”

महिन्याभरात तेही गेले. संकलनाला बसल्यावर तिने दुसऱ्या खेपेचं बोलणं घेतलं, आणि त्यानंतर, नुसत्या संगीतावर, पहिल्या खेपेचा चेहरा. असा चेहरा पुन्हा मिळत नाही. तिला तो टाकवेना. तसाही मुकाच होता.

पोराच्या बहिणीला, ताईंना, आता मुळीच ऐकू येत नसे. म्हणून पडद्यावर खाली ठसठशीत अक्षरं घातली. माहितीपट घेऊन ती आणि कॅमेरावाला ताईंच्या घरी गेले, तेव्हा ताईंनी त्याला दारातच धरलं.

“मेल्या, मिशा काप त्या. तुझं बोलणं दिसत नाही मला.”

सगळे हसले. मग ताई बघायला बसल्या. ‘त्याला काही कळलंसुद्धा नाही’ हे वाचून त्यांनी डोळे मिटले. जन्मभर त्या एवढंच विचारत आल्या होत्या, त्याला त्रास झाला का. दिग्दर्शिकेचाही जीव भांड्यात पडला.

डोळे उघडले तेव्हा समोर तो चेहरा होता. ताई पुढे सरकल्या.

“हे परत लाव.”

तिने लावलं. ताईंनी पुन्हा लावायला सांगितलं. आता त्यांचे ओठ त्या ओठांबरोबर हलत होते.

“ताई, दार उघड,” त्या म्हणाल्या. “असंच म्हणाला ना तो?”

नाही म्हणायचं तिच्या अगदी जिभेवर आलं होतं. पण ताई तिच्या तोंडाकडेच बघत होत्या. तिने मान खाली घातली.

“खेळून उशिरा आला की असाच हाक मारायचा,” ताई म्हणाल्या. “एका हाकेत उघडायची गं मी.”