झाकणावर राहिलेल्या दोन बाटल्या

मी एक जुनी लोखंडी पेटी आहे. नाक मुरडू नका, मित्रांनो. माझ्या पोटात लघवीच्या नमुन्यांच्या बाटल्या राहतात. उंच इमारती बांधणाऱ्या एका कंपनीत क्रेन चालवणाऱ्यांनी नशा तर केली नाही ना, हे तपासतात. माणसाच्या डोळ्यांदेखत बाटलीवर नावाची चिठ्ठी लावायची, सील करायचं, त्याची सही घ्यायची. मग बाटली माझ्यात आणि मला कुलूप. अकरा वर्षं नर्सताईंच्या हातून त्यात कधी कसूर झाली नाही. "ताईंची पेटी म्हणजे काळ्या दगडावरची रेघ!" असं साहेब म्हणत, तेव्हा माझा गंजही चमकायचा.

एका सोमवारी रांग पार दाराबाहेर गेली. त्यातच फोन वाजला. ताईंनी दोन बाटल्या चिठ्ठीविनाच माझ्या झाकणावर ठेवल्या आणि परत आल्यावर नुसत्या अंदाजानं चिठ्ठ्या चिकटवल्या. मी पाहत होते; पण लोखंडाला कुठलं आलंय तोंड!

गुरुवारी अहवाल आला. क्रेन चालवणारे आबा नशेत सापडले! ज्यांनी उभ्या जन्मात सिगारेटही ओढली नाही, ते आबा! त्यांना क्रेनवरून उतरवलं. ते खोलीत आले तेव्हा चेहरा पांढराफटक पडला होता.

"ताई, सुनेला काय तोंड दाखवू? आणि माझी बाटली तर काठोकाठ भरली होती. या कागदावर अर्धी कशी?"

ताईंनी वही ओढली. आबांच्या नावापुढे अर्धी. खालच्या ओळीत, सोमवारी रांगेत त्यांच्या मागेच असलेल्या उंच्याच्या नावापुढे, पूर्ण. झाकणावरच्या त्या दोन बाटल्यांची अदलाबदल झाली होती.

"आबा, उंच्या कुठंय?"

"माझ्या जागी त्यालाच वर बसवलाय की!"

खिडकीबाहेर सळ्यांचा भारा आभाळात झुलत होता. खाली वीसेक माणसं काम करत होती. ताई अनवाणीच धावल्या. मी सताड उघडीच राहिले.

भारा हळूहळू खाली टेकला. उंच्याला दोघांनी धरून उतरवलं. त्याला धड उभंही राहता येत नव्हतं.

ताईंनी 'चूक माझी' असं स्वतःच्या हातानं लिहून दिलं. आबा पुन्हा क्रेनवर चढले. ताई मात्र या खोलीत परत आल्या नाहीत.

मित्रांनो, कुलपाच्या भरवशावर राहू नका. तुमच्या बाटलीवर कुणी नाव लिहायला विसरलं, तर लाजू नका. तिथंच उभे राहा आणि म्हणा, "आधी माझं नाव लिहा."