तिच्या नावाचा तेजोमेघ

बायको जाऊन पाच महिने झाले तेव्हा मी तिच्या कॉम्प्युटरवरचे शेवटचे दोन फोटो उघडले आणि त्यांत मला एक नवा तेजोमेघ सापडला. निदान मला तसं वाटलं. फोटोच्या मधोमध, तारकागुच्छाच्या बाजूला, पिसासारख्या कडांचा एक पुसट गोल ढग. तिचे नकाशे पाहिले, याद्या पाहिल्या. त्या जागी काहीच नव्हतं.

ते फोटो तिने काढलेले नव्हते, मी काढले होते. शेवटच्या दुखण्यात तिला गच्चीचा जिना चढवेना. मग ती पलंगावरून सांगायची आणि मी वर दुर्बीण फिरवायचो. "अहो, घाई करू नका, तारे कुठे पळून जात नाहीत," असं खालून ओरडायची. हे दोन फोटो बघायला ती राहिली नाही.

आमच्या आकाशदर्शन मंडळात मी सांगितलं की फोटो तिचे आहेत. मी जन्मभर फ्रिज दुरुस्त केले, माझ्या नावावर शोध लागून काय करायचंय? तिच्या नावावर लागू दे, एवढंच डोक्यात होतं. दुसऱ्यांनी शोधलेलं बघण्यात तिचं आयुष्य गेलं होतं. कॅरोलिन हर्षेलबद्दल तर ती घरच्या माणसासारखी बोलायची. त्या बाईला भावाने छोटी दुर्बीण करून दिली आणि तिने त्यातून कितीतरी तारकागुच्छ आणि तेजोमेघ हुडकून काढले. कॅमेरा तापला की फोटोत खोटे ठिपके येतात, म्हणून मी बायकोला कॅमेऱ्यासाठी थंड डबा करून दिला. तेव्हा म्हणाली, "तिला भाऊ होता, मला तुम्ही आहात."

"म्हणजे मी तुझा भाऊ झालो?"

"गप्प चहा प्या."

रविवारी सकाळी वाचनालयाच्या वरच्या खोलीत मंडळाची बैठक होती. आमचे अध्यक्ष दातांचे डॉक्टर. त्यांनी स्वतः पडदा लावला, खुर्च्या मांडल्या. मी इस्त्रीचा शर्ट घालून पहिल्या रांगेत बसलो. त्यांनी आधी मेसिए या जुन्या फ्रेंच आकाशनिरीक्षकाची गोष्ट सांगितली. धूमकेतू शोधताना हा माणूस आकाशातल्या ढगाळ ठिपक्यांना फसायचा. पुन्हा फसायला नको म्हणून त्याने त्या ठिपक्यांची यादी केली. त्याचे धूमकेतू लोक विसरले, यादी अजून सगळ्यांच्या तोंडी आहे.

"भाऊ, आता आपल्या वहिनींचं नावही कुठल्यातरी यादीत जाईल," अध्यक्ष म्हणाले. टाळ्या पडल्या. त्या मी घेतल्या.

मग भूगोलाच्या बाई उठल्या. या बायकोच्या मैत्रीण. आमच्या गच्चीवर दोघींनी किती हिवाळे कुडकुडत काढलेत, ते मला ठाऊक आहे.

"दोन्ही फोटो एकावर एक ठेवता का?" त्यांनी विचारलं.

"कशाला?" मी म्हणालो.

"दोन वेगळ्या रात्रींचे आहेत. दुर्बीण थोडी हललेली असणार. आकाशातली वस्तू असेल तर ताऱ्यांबरोबर सरकेल."

"ठेवू की," अध्यक्ष म्हणाले.

"काही गरज नाही," मी मागे वळून म्हणालो. "बाई, तिला जाऊन अजून वर्ष झालं नाही, आणि तुमच्या पोटात दुखायला लागलं? तुमच्या हातून काही झालं नाही, म्हणून तिच्याही होऊ नये?"

बाई खाली बसल्या. चेहरा उतरला होता, पण अध्यक्षांना म्हणाल्या, "ठेवा."

फोटो एकावर एक आले. प्रत्येक ताऱ्याचे दोन झाले, बोटभर अंतराने. ढग मात्र एकच, जिथल्या तिथे.

मला कोणी समजावून सांगायची गरज नव्हती. तसल्या कडांचा गोल मी आयुष्यभर पाहत आलोय. दाराचं रबर सैल झालं की फ्रीजरच्या भिंतीवर तसाच बर्फ धरतो. डब्यात ओल शिरली होती आणि कॅमेऱ्याच्या काचेवर बर्फ जमला होता. ओल शोषणाऱ्या दाण्यांची एक पुडी असते. बायको दर वेळी ते दाणे तापवून, कोरडे करून डब्यात ठेवायची. मी ठेवले नव्हते. लक्षातच आलं नाही.

अध्यक्षांनी घसा साफ केला. "काचेवर काहीतरी आलेलं दिसतंय. वहिनी आजारी होत्या. अशा दिवसांत माणसाकडून चूक होते. आपण समजून घेऊ या."

सगळ्यांनी माना हलवल्या. शेजारच्या माणसाने माझ्या खांद्यावर हात ठेवला, आणि मी तो ठेवू दिला. आता विषय मिटेल, आपण घरी जाऊ, असं वाटलं. खरं बोललो तर आधीचं खोटंही बाहेर पडणार होतं. चूक तिच्या पदरात पडली होती आणि ती काही भांडायला येणार नव्हती.

तेवढ्यात चिटणीस म्हणाले, "मग वहिनींनी त्या गुच्छातल्या ताऱ्यांच्या तेजाची मोजमापं केलीत, त्यांचं काय? आपण ती वेधशाळेला पाठवलीत. उद्या त्यांच्यावरही शंका घेतील."

"मागे घ्यावी लागतील," अध्यक्ष म्हणाले. "नाइलाज आहे."

बाई ताडकन उठल्या. "चारचारदा तपासल्याशिवाय तिने एक आकडा कधी पुढे केला नाही! मी शेजारी बसलेली असायची."

"अहो बाई, पण हे समोर दिसतंय त्याचं काय करायचं?"

उत्तर माझ्याकडे होतं.

मी खुर्चीला धरून उभा राहिलो. "फोटो मी काढलेत. दोन्ही. ती अंथरुणाला खिळली होती. पुडी मी विसरलो. हा काचेवरचा बर्फ आहे. तिने हे फोटो पाहिलेच नाहीत. पाहिले असते तर तुमच्यापर्यंत आलेच नसते."

"पण तुम्हीच तर सांगितलंत की..."

"खोटं सांगितलं."

"फ्रिजवाल्यांनी शेवटी बर्फच शोधला," मागे कोणीतरी पुटपुटलं. दोघे-तिघे हसले. माझे कान तापले. हसू नका म्हणायचं तोंड मला राहिलं नव्हतं.

"मोजमापं कधीपर्यंतची आहेत?" अध्यक्षांनी विचारलं. आता मला ते 'भाऊ' म्हणाले नाहीत.

"तिचे पाय चालत होते तोवरची. नंतर तिने एकही आकडा लिहिला नाही. मलाही लिहू दिला नाही."

"मग ती राहू देत," ते म्हणाले आणि पडदा गुंडाळायला लागले.

जिन्याच्या तोंडाशी बाई चपला घालत होत्या. मी जवळ गेलो. "बाई, मी तुम्हाला फार वाईट बोललो."

"बोललात." जाऊ द्या, असं त्या म्हणाल्या नाहीत. "माझं सोडा. तिच्यावर आळ आला तेव्हा तुम्ही गप्प बसून होतात. खांद्यावर हात घेऊन."

"हो."

त्या उतरून गेल्या. मागून बाकीचे निघाले. जिना एकच आणि अरुंद. सगळे उतरेपर्यंत मी भिंतीला लागून उभा राहिलो, आणि जो जो बाजूने गेला त्याने न थांबता मला नुसता नमस्कार केला; खांद्यावर हात कोणी ठेवला नाही.