दादाची शांत अंघोळ-योजना

वहिनी रात्रपाळी करून सकाळी घरी आली आणि आडवी होताना एवढंच म्हणाली, "आज चिमणीच्या अंघोळीत आरडाओरडा झाला, तर मी माहेरी जाऊन झोपेन."

दादाने ते भलतंच मनावर घेतलं. तीन वर्षांच्या चिमणीला अंघोळ म्हणजे जन्मठेप वाटते. म्हणून त्याने बाथरूममध्ये मंद दिवा लावला, मोबाइलवर बासरी लावली आणि टबात कोमट पाणी भरलं. मला टॉवेल घेऊन दारात उभं केलं. बिनकामाचा काका घरात असतो तो यासाठीच.

"डोळे मिटून खोल श्वास घ्यायचा," दादा कुजबुजला आणि कसा ते स्वतः करून दाखवू लागला. तिसऱ्या श्वासाला तो भिंतीला टेकून घोरत होता. बासरी ऐकू येईना.

चिमणीने माझ्याकडे बघून तोंडावर बोट ठेवलं. आईची झोप मोडू नये म्हणून तिने त्या घोरण्यावर अगदी हळूच तांब्याभर पाणी ओतलं.

किंकाळी दादाची होती.

वहिनी दारात आली. "कोण ओरडलं?"

"बाबाला अंघोळ आवडत नाही," चिमणी शांतपणे म्हणाली.

काखेत उशी मारून वहिनी चपला शोधू लागली.