सातवी बैठक

पेटीतून 'टीं' असा आवाज आला आणि मास्तरांचं 'अजून एक' तोंडातच राहिलं. थाळीफेकीतल्या खेळाडूने, सगळ्यांच्या थाळीवालीने, पाचवी बैठक पुरी करून खांद्यावरचा वजनाचा बार स्टँडवर ठेवला.

"झालं. आजच्यापुरतं एवढंच," मास्तरांची मुलगी पडद्याकडे बघत म्हणाली.

"तिला घाम तरी आलाय का?"

मुलगी आकडे लिहीत राहिली. मास्तरांना सगळ्यात जास्त राग याचाच यायचा. ती भांडली असती, तर निदान भांडता तरी आलं असतं.

एकतीस वर्षं ते या व्यायामशाळेत खेळाडूंची ताकद घडवत होते. खेळाडूचा चेहरा पाहून त्याच्यात अजून किती शिल्लक आहे ते सांगायचे, आणि लोक मानायचे. आता त्यांचीच मुलगी शिकूनसवरून, नेमणुकीचं पत्र घेऊन तिथे आली होती. सोबत बिस्किटांच्या डब्याएवढी एक पेटी. पेटीतून निघणारी दोरी बारला अडकवायची, की बार किती वेगाने वर जातो ते पडद्यावर उमटे. पहिल्या बैठकीपेक्षा वेग पाचव्या हिश्शाने घटला की पेटी वाजे आणि तिथेच थांबायचं. शिवाय तिने जमिनीत दोन चौकोनी पत्रे बसवून घेतले होते. रोज सकाळी त्यांवरून उडी मारायची. कोणता पाय किती जोर लावतो ते वेगवेगळं कळे. मास्तर त्यांना पाट म्हणत. "बसा, वाढते आता ही," असं ते पहिल्या दिवशी म्हणाले. सगळे हसले, मुलगीही हसली, आणि पाट तिथेच राहिले.

ते व्यायामशाळेच्या साहेबांकडे तक्रार घेऊन गेले. साहेबांनी काळाबरोबर चालायला सांगितलं. घरी बायकोपुढे गाऱ्हाणं मांडलं, तर तिने बापलेकींना दोरी आणि पेटी दोन्ही चपलांबरोबर बाहेर ठेवून यायला बजावलं. ज्याच्या-त्याच्या तोंडी आकडे. वेग बासष्ट, वेग अठ्ठावन्न. ताकद म्हणजे काय ताप आहे, की काखेत काहीतरी लावून मोजायची?

थाळीफेकीच्या निवडीला तीन आठवडे उरले होते. थाळीवाली चौघींत दुसरी किंवा तिसरी येईल असा सगळ्यांचा हिशोब होता, आणि निवड तिघींचीच होणार होती. त्या बुधवारी मुलगी कामासाठी बाहेरगावी गेली. मास्तरांनी दार लावलं, बारची दोरी सोडली आणि पेटीवर टॉवेल टाकला.

थाळीवालीने पाच बैठका काढल्या. मग सहावी. सातवीला ती खाली जाऊन क्षणभर तिथेच थांबली, डावा गुडघा आत वळला, आणि मग दात आवळून ती उठली. मास्तरांनी तिच्या पाठीवर थाप मारली. कित्येक महिन्यांत त्यांना इतकं बरं वाटलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी थाळीवाली पाटांवर उभी राहिली आणि तिने उडी मारली. मुलीने पुन्हा मारायला सांगितली. तिसऱ्यांदाही सांगितली. मग तिने पडदा मास्तरांकडे वळवला. शंभरात उजवा पाय सत्तावन्न, डावा त्रेचाळीस. आठवड्यापूर्वी दोन्ही जवळजवळ सारखे होते.

काल किती बैठका झाल्या, असं तिने विचारलं. फळ्यावर लिहिल्यात तेवढ्याच, मास्तर म्हणाले. थाळीवालीने मान खाली घातली आणि तीही तेवढ्याच म्हणाली. दुखतंय का, तर नाही.

"बघ की तिच्याकडे," मास्तर वैतागून म्हणाले. "चेहरा ठणठणीत आहे. यंत्राला कळतं आणि मला कळत नाही?"

मुलीने थाळीवालीला बाहेर बसायला सांगितलं. दार लागल्यावर ती हळूच म्हणाली, "मीही तोच चेहरा करायचे, बाबा."

मास्तरांना कळायला जरा वेळ लागला. सतरा वर्षांची असताना मुलगी याच खोलीत वजन उचलायची. एका संध्याकाळी तिची पाठ गेली. चार महिने ती अंथरुणात होती आणि पुन्हा बारखाली गेली नाही. क्षणात झालं, कुणाच्या हातात नव्हतं, असं मास्तर सगळ्यांना सांगत आले होते.

"त्या दिवशी नव्हतं झालं ते," ती म्हणाली. "आधी तीन आठवडे दुखत होतं."

"मग बोलली का नाहीस?"

"तुम्ही 'अजून एक' म्हणायचात आणि मी ती काढली, की तुम्ही इतके खूश व्हायचात. त्या खुशीसाठी मी काहीही केलं असतं."

तिच्या आवाजात राग नव्हता. बाहेर कुणीतरी बादली सरकवली. मास्तर बाकावर बसले.

"सात केल्या," ते म्हणाले. "दोरी मी सोडली होती."

गुडघ्याची तपासणी झाली. फाटलं काही नव्हतं, पण सूज होती. दहा दिवस विश्रांती. साहेब मुलीवर घसरले, एवढी यंत्रं लावून हे कसं झालं म्हणून. मास्तर उठून उभे राहिले आणि चूक आपली असल्याचं त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं. साहेबांनी ते लेखी मागितलं. त्यांनी लेखी दिलं.

निवडीत थाळीवाली चौथी आली, बत्तीस सेंटिमीटरने. महिनाभर ती मास्तरांशी कामापुरतंच बोलली. मास्तरांनीही समजूत घालायचा प्रयत्न केला नाही. तिच्या वेळेच्या आधी येऊन तेच पेटी पुसून ठेवत, दोरी नीट अडकली आहे ना ते ओढून बघत. पेटीवरचा राग काही गेला नव्हता. ती वाजली की अजूनही त्यांच्या कपाळाला आठी पडे.

अशाच एका संध्याकाळी सगळे गेल्यावर मुलगी निघायच्या तयारीत होती. बूट घालायला ती खाली वाकली नाही. भिंतीला हात टेकून तिने एकेक पाय खिडकीच्या कट्ट्यावर उचलून ठेवला आणि तिथेच नाडी बांधली. सवयीने, सहज. कितीतरी वर्षं ती अशीच बांधत असणार. घरीही, दारातही, त्यांच्या डोळ्यांसमोर.

"चला ना, बाबा," ती म्हणाली.

ते तिच्यामागून चालू लागले.

दुसऱ्या दिवशी व्यायामशाळेच्या दाराशी एक उंचसं स्टूल होतं. कुणी आणलं ते तिने विचारलं नाही. पाय त्यावर ठेवला आणि नाडी बांधली.